उजवा कोपरा

दुसऱ्याचं वाटोळं ही आपली सुगी, असं मिस्त्री हसत हसत म्हणायचा, आणि त्यात खोटं काही नव्हतं. थंडीत महिना-दीड महिना हायवेवर धुकं उतरायचं. पहाटे कुणी कुणाच्या मागे आदळायचं, कुणी दुभाजकावर चढायचं, आणि उन्हं वर येईपर्यंत त्याच्या पत्र्याच्या शेडपुढे दोन-तीन गाड्या तोंड फोडून घेऊन उभ्या असायच्या. त्या दीड महिन्यावर घराचं वर्ष निघायचं. यंदाही धुकं वेळेवर पडलं. गाड्या तेवढ्या आल्या नाहीत.

कारण सगळ्यांना ठाऊक होतं. नव्या गाड्या स्वतःच ब्रेक मारायला लागल्या होत्या. तरीही ज्या ठोकल्या जायच्या, त्यांना विम्याची क्रेन उचलून बारा किलोमीटरवरच्या कंपनीच्या वर्कशॉपला न्यायची. तिथे काचेच्या खोल्या होत्या आणि तिथे कुणी पत्रा ठोकत नव्हतं. चेपलेला भाग काढून फेकायचा आणि खोक्यातला नवा बसवायचा. ते गॅरेज नाही, कपड्याचं दुकान आहे, असं मिस्त्री म्हणायचा. या रस्त्यावर पूर्वी डेंटिंगच्या चार शेड होत्या. एकाने गाड्या धुवायचं काम सुरू केलं. एक जण जागा विकून मोकळा झाला. तिसऱ्याच्या वेल्डिंगचं लोक कौतुक करताना थकत नसत. तो आता त्याच वर्कशॉपच्या फाटकावर निळा सदरा घालून येणाऱ्या गाड्यांचे नंबर लिहीत बसायचा. मिस्त्री त्या फाटकावरून जायचं टाळायचा. तो सदरा एक दिवस आपल्याही अंगावर चढेल, ही भीती त्याला रोज वाटायची.

टाळायला आणखी एक कारण होतं. त्याची एकुलती एक मुलगी तिथेच कामाला होती. शेडमध्येच ती मोठी झाली. हातोडीच्या आवाजावरून बाप खुशीत आहे की रागात, हे तिला दुरून कळायचं. पुढे शिकली, आणि आता गाडीला वायर लावून कॉम्प्युटरवर तिचं दुखणं वाचायची. तिकडेच खोली घेऊन राहायची आणि सुटीच्या दिवशी घरी यायची. बाहेर मिस्त्री तिचं तोंड भरून कौतुक करायचा. घरात मात्र ‘आल्या कॉम्प्युटरवाल्या बाई’ म्हणून चिडवायचा. त्या चिडवण्यात थोडा राग असायचाच.

शेडचं काम नवरा-बायको मिळून करायचे. तो पत्रा सरळ करायचा, पुट्टी भरायचा, रंग मारायचा. मधलं सगळं घासणं बायकोचं. वाळलेल्या पुट्टीवर पाणी सोडत ती तासन्‌तास घासपेपर फिरवायची. वीस वर्षं घासून तिच्या बोटांवरच्या रेषा पुसून गेल्या होत्या. बँकेत अंगठा लावायची वेळ आली की मशीन तिला ओळखायचं नाही. मागची माणसं खोळंबायची, कारकून म्हणायचा, बाई, हात नीट पुसा. ती तीन-तीनदा पुसायची आणि शेवटी बाजूला होऊन फॉर्म भरून सही करायची.

रंगाच्या आधीची परीक्षा हाताची असायची. जुन्या चादरीचा तुकडा तळहाताखाली धरून, डोळे मिटून मिस्त्री दुरुस्त केलेल्या जागेवरून हात फिरवायचा. उघड्या हातापेक्षा कापडाखाली खड्डा लवकर कळतो. मग तसाच हात बायको फिरवायची. दोघांपैकी एकाचाही हात अडला तर रंग चढायचा नाही, पुन्हा पुट्टी, पुन्हा घासणं. त्याच्या हातची गाडी कुठे ठोकली होती हे मालकालाही सापडत नसे, आणि सगळं नाव त्याच्यावरच होतं.

अशा रिकाम्या दिवसांत गुरांची डॉक्टरीण आली. एका गोठ्यात गाडी मागे घेताना दगडी हौदाला लागून मागच्या बंपरचा उजवा कोपरा फुटला होता. नवा बंपर यायला तीन आठवडे लागतील असं वर्कशॉपने सांगितलं होतं, आणि गाई काही तीन आठवडे थांबून विणार नव्हत्या. होईल का नीट, असं तिने विचारलं. मिस्त्री उकिडवा बसला, चिरेवरून अंगठा फिरवला आणि म्हणाला, कुठे फुटला होता ते नंतर तुम्हीच मला दाखवा. डॉक्टरीण हसली. जाता जाता म्हणाली, डेअरीच्या सात गाड्या आहेत, सगळ्या माझ्या हाताखाली. हे काम मनासारखं झालं तर मी शब्द टाकते. ती गेल्यावर मिस्त्री बराच वेळ तिथेच बसून राहिला. सात गाड्या म्हणजे बारा महिने शेडला कुलूप लागणार नव्हतं.

तीन दिवस दोघांनी त्या कोपऱ्यावर काढले. मिस्त्रीने बंपर उतरवला. कोपऱ्यात आतल्या बाजूला तळहाताएवढी एक काळी डबी बसवलेली होती. ती त्याने जपून काढली, कापडात गुंडाळून फळीवर ठेवली. मग चिरेच्या आतून तारेची बारीक जाळी तापवून प्लास्टिकमध्ये पुरली, म्हणजे पुन्हा तिथे फुटायला नको. वरून प्लास्टिक वितळवून सांधलं. पुट्टीचा हात दिला. धुक्यात पुट्टी लवकर वाळेना, म्हणून घरातला मोठा दिवा आणून तिच्यासमोर लावून ठेवला, आणि दोघांनी त्या दिवसांत लहान दिव्यात जेवण उरकलं. बायकोचे हात गार पाण्यात काळेनिळे पडले. मधूनच ती ते काखेत धरून उभी राहायची आणि पुन्हा पाण्यात घालायची. मिस्त्रीचे गुडघे बसले की उठेनात. तो कॉम्प्रेसरला धरून उठायचा. पुट्टीचे तीन थर झाले. तिसऱ्या थरानंतर त्याचाही हात अडला नाही आणि तिचाही नाही. मग चंदेरी रंग चढला. डबी होती तशी आत बसवून, बंपर लावून त्याने गाडी शेडच्या तोंडाशी आणली आणि दहा पावलं मागे जाऊन पाहिली. लग्नाला उभ्या केलेल्या पोरीकडे बघावं तसा तो बघत होता. बायको म्हणाली, आता दृष्ट लागेल, आत या.

दुसऱ्या दिवशी मुलीची सुटी होती. ती दुपारी आली, पिशवी खाली ठेवायच्या आधीच गाडीपाशी गेली. बापाला माहीत होतं ती काय करणार. तिने फळीवरचं कापड घेतलं, डोळे मिटले आणि मागच्या सगळ्या बंपरवरून हात फिरवला. दोनदा फिरवला.

“कुठे होतं?” तिने विचारलं.

मिस्त्रीने नुसत्या भुवया उडवल्या. गेल्या महिनाभरात तो एवढा सुखात दिसला नव्हता. बायकोने सांगितलं, उजव्या कोपऱ्याला. मुलीच्या चेहऱ्यावरचं हसू थोडं कमी झालं. आतली डबी कुठे आहे, तिने विचारलं. मिस्त्री म्हणाला, होती तिथेच बसवली, एक स्क्रू इकडचा तिकडे नाही. किती पुट्टी भरली, मुलीने विचारलं. तीन थर. आणि आतून?

“आतून जाळी. तारेची. तशीच सोडू का?” मिस्त्री म्हणाला.

मुलीने बापाला ड्रायव्हरच्या जागेवर बसवलं, गाडी चालू करायला लावली, ब्रेकवर पाय दाबून मागचा गियर टाकायला सांगितला. स्वतः शेडमधली सायकल घेतली. बाबा, हलू नका, नुसतं दोन्ही बाजूंच्या आरशांत बघा, असं म्हणून ती डावीकडून सायकल मारत गाडीच्या मागून गेली. डाव्या आरशात नारिंगी दिवा लुकलुकला आणि गाडी आतून टुंटुं वाजली. मिस्त्रीला गंमत वाटली. मग ती उजवीकडून आली. उजवा आरसा तसाच राहिला. गाडीही वाजली नाही. सायकल मागून गेली, पार डावीकडे पोचली, तेव्हा कुठे डावा दिवा लागला.

तिने तीन वेळा केलं. चौथ्यांदा मिस्त्रीनेच हाताने खूण करून पुन्हा यायला सांगितलं. दिवा लागला नाही.

मग तिने सायकल भिंतीला लावली आणि सांगितलं. ती डबी म्हणजे गाडीचा डोळा. तो बंपरच्या आतून, प्लास्टिकमधून बाहेर बघतो. रस्त्यावर मागून बाजूने काही येत असलं तर तोच आरशातला दिवा लावतो. पातळ प्लास्टिकमधून त्याला दिसतं. पुट्टीच्या थरातून नीट दिसत नाही, आणि तारेची जाळी तर त्याला भिंतच. कंपनी म्हणते त्या कोपऱ्याला दुरुस्ती करायचीच नाही, नवंच कव्हर घालायचं.

“मग गाडीने सांगायला नको का, मला दिसत नाही म्हणून?” बायको म्हणाली.

“कधी सांगते, आई. कधी गप्प बसते.”

मिस्त्री गाडीतून उतरला नव्हता. तो चिडला होता आणि कुणावर चिडावं हे त्याला कळत नव्हतं. हाताला लागत नाही, डोळ्याला दिसत नाही, मग दुरुस्ती आणखी कशाला म्हणतात, असं तो म्हणाला. गेल्या वर्षी मास्तरांचा बंपर याहून वाईट फुटला होता. तेव्हापासून जाळी घालतोय, एकाचंही काम परत आलं नाही. एवढं बोलून तो थांबला. मुलगी त्याच्याकडे बघत होती.

“मास्तरांचा कुठला कोपरा होता, बाबा?”

कोपरा उजवाच होता.

मास्तर म्हणजे गावच्या शाळेतले जुने शिक्षक. निवृत्त झाल्यावर त्यांनी हौसेने चांगली गाडी घेतली होती. मिस्त्रीने बंपर करून दिल्यावर महिनाभरात ते बायकोला, म्हणजे बाईंना, आणि बाईंच्या बहिणीला घेऊन कुठेतरी निघाले होते. पाहुणी म्हणून बहीण पुढे बसली, बाई मागे मास्तरांच्या पाठीशी. रस्त्यात उभ्या ट्रॅक्टरला वळसा घालायला मास्तरांनी गाडी उजवीकडे घेतली आणि मागून भरधाव आलेली पिकअप मागच्या दारात घुसली. बाईंचा उजवा हात दोन ठिकाणी मोडला. तो अजून खांद्याच्या वर जात नव्हता. ती गाडीही मिस्त्रीकडेच आली होती. त्याने नवं दार बसवलं, आणि बंपरच्या कोपऱ्यावर थोडे ओरखडे होते म्हणून त्यावर आणखी एक पुट्टीचा हात आणि रंग दिला होता, वरचं काम म्हणून, पैसे न घेता.

गाडी न्यायला आलेले मास्तर शेडमध्ये चार माणसांत म्हणाले होते, मी आरशात बघितलं होतं हो, दिवा लागला नव्हता. आणि मिस्त्री म्हणाला होता, मास्तर, दिव्याच्या नादी लागलं की मान वळवायची राहते. वय झालं आता, पोरांना चालवू द्या. चौघेही हसले होते. मास्तरही कसेबसे हसले होते. त्यानंतर त्यांनी गाडीला हात लावला नव्हता. ती घराच्या बाजूला कापड टाकून उभी होती.

मिस्त्रीने गाडी बंद केली. त्याला लाज वाटली, आणि लाजेच्या मागोमाग भीतीही वाटली.

डॉक्टरणीला सांगायचं, यात वाद नव्हता. तिचा जीव धोक्यात घालून सात गाड्या नको होत्या. त्याने लगेच फोन लावला आणि जमेल तसं सांगितलं. ती म्हणाली, बरं झालं सांगितलंत, मी वर्कशॉपकडे नवा बंपर मागवते, तोपर्यंत त्या दिव्यावर भरवसा ठेवणार नाही. संध्याकाळी येऊन ती गाडी घेऊन गेली. डेअरीच्या गाड्यांचा विषय तिनेही काढला नाही आणि मिस्त्रीनेही नाही. काढण्यासारखं काही राहिलं नव्हतं.

वाद झाला तो मास्तरांवरून. बायकोचं म्हणणं सरळ होतं. झाकली मूठ सव्वा लाखाची. वर्ष झालं, जखमा भरल्या, मास्तर गाडी चालवत नाहीत. आता जाऊन सांगितलं तर बाईंचा हात वर जाणार आहे का? उलट गावभर होईल, आणि उरलेली दोन गिऱ्हाइकंसुद्धा पाठ फिरवतील. हात दाखवून अवलक्षण कशाला? ती हे रागाने बोलत नव्हती, घाबरून बोलत होती, आणि मिस्त्रीला तिचं सगळं पटत होतं. त्याने मुलीकडे पाहिलं. वर्कशॉपमध्ये असं काम कसं करतात ते तिने सांगू नये, असं त्याला मनातून वाटत होतं. ती तसं काही बोललीही नाही.

“बाबा, मास्तरांच्या गाडीला तो कोपरा अजून तसाच आहे,” ती एवढंच म्हणाली. “उद्या त्यांनी विकली तर?”

बायको उठून बाहेर गेली. शेडमध्ये एका कारचं जुनं दार टेकवून ठेवलेलं होतं, दोघांनी मिळून केलेलं. तिने त्याच्यावरून सवयीने हात फिरवला आणि तिथेच उभी राहिली. मिस्त्री मागे गेला तेव्हा ती रडत होती.

“हाताला काहीच लागलं नव्हतं हो,” ती म्हणाली. “इतकं चांगलं झालं होतं.”

सकाळी धुकं निवळायच्या आत मिस्त्रीने बरा सदरा घातला. पायात चपला घालून बघतो तर बायकोही तयार होऊन दारात उभी. तू कशाला, तो म्हणाला. ती म्हणाली, घासणं माझंच होतं. मग दोघं चालत निघाले. मुलीने वर्कशॉपला लवकर जायचं म्हणून आधीच बस पकडली होती.

मास्तरांकडे दार बाईंनी उघडलं. त्यांनी डाव्या हाताने कडी काढली, डाव्या हाताने खुर्च्या ओढून दिल्या, आणि डाव्याच हाताने एकेक करून पाण्याचे पेले आणले. मिस्त्रीची बायको मदतीला उठली तर म्हणाल्या, बसा हो, सवय झाली. मास्तर आतून आले. वर्षभरात ते वाळले होते. कसं काय येणं केलंत, त्यांनी विचारलं. मिस्त्री वाटेत जुळवलेली सगळी वाक्यं विसरला होता, म्हणून त्याने कालचं सगळं जसं झालं तसं सांगितलं, डॉक्टरीण, जाळी, सायकल, चार वेळा न लागलेला दिवा. शेवटी म्हणाला, तुमच्याही गाडीला मी तेच केलंय. वर आणखी एक थर दिलाय.

मास्तरांचे हात गुडघ्यांवर होते आणि बोटं हलत होती.

“म्हणजे दिवा लागला नव्हता,” ते म्हणाले.

“नव्हता.”

“मी बघितलं होतं.”

“तुम्ही बघितलं होतं, मास्तर. माझ्यामुळे लागला नाही. आणि वर मी तुम्हाला चार माणसांत हसलो.”

मास्तर बाईंकडे वळले. “ऐकलंस?” ते म्हणाले. थोड्या वेळाने पुन्हा तेच म्हणाले, “ऐकलंस का?”

बाईंनी ऐकलं होतं. त्यांनी नवऱ्याला वर्षभरात कधी शब्दाने टोचलं नव्हतं. आल्यागेल्याला फक्त म्हणायच्या, जाऊ द्या, वय झालं त्यांचं, नजर चुकली. ते बोलणं मास्तरांना टोचण्याहून जास्त लागायचं, आणि हळूहळू त्यांनी स्वतःही तसंच मानायला सुरुवात केली होती. बाई खाली बघत उभ्या राहिल्या. मग मिस्त्रीला म्हणाल्या, मला तुमचा राग आलाय, आणि तो आज काही जाणार नाही. मिस्त्रीने मान हलवली. कोपरा मी आत्ता फोडून काढतो, जाळी उपसतो, असं तो म्हणायला लागला, तेव्हा मास्तर एकदम म्हणाले, गाडीला हात लावू नका. तेवढा एकच शब्द त्यांनी चढ्या आवाजात काढला.

बाई आत गेल्या. गाडीची चावी भिंतीवरच्या खिळ्याला होती, उंचावर. उजवा हात तिथवर पोचत नव्हता म्हणून त्यांनी स्टूल सरकवलं, त्यावर चढून डाव्या हाताने चावी काढली आणि येऊन मास्तरांच्या हातात दिली. वर्कशॉपला घेऊन जा, त्या म्हणाल्या. तुम्हीच चालवत न्या.

मास्तरांनी गाडीवरचं कापड ओढलं. धूळ उडाली. बॅटरी उतरली होती. मिस्त्रीने आणि त्याच्या बायकोने मागून ढकलली आणि तिसऱ्या हिसक्याला गाडी चालू झाली. ढकलताना दोघांचे तळहात त्या उजव्या कोपऱ्यावरच होते. रस्त्याच्या तोंडाशी मास्तर थांबले. दोन गाड्या गेल्या, तिसरी गेली, तरी ते निघेनात. मिस्त्री पुढे होऊन खिडकीपाशी वाकला आणि विचारलं, मी येऊ का? मास्तरांनी त्याच्याकडे न बघता म्हटलं, मागे बसा.

मिस्त्री मागचं उजवं दार उघडून मास्तरांच्या पाठीशी बसला. ते दार त्यानेच बसवलं होतं. त्याने काच पूर्ण खाली केली आणि मान बाहेर काढून मागे वळून बघितलं. गार वारा कानात शिरला. बायको आणि बाई फाटकात उभ्या होत्या, एकमेकींपासून थोड्या लांब.

“उजवीकडून मोटरसायकल येतेय,” तो म्हणाला. “गेली. आता मोकळं आहे, मास्तर. घ्या.”

गाडी हायवेला लागली. बारा किलोमीटर होते. मागून येणारं प्रत्येक वाहन तो मोठ्याने सांगत राहिला, ट्रक, पांढरी कार, आणखी एक ट्रक, लांब आहे, जवळ आला, गेला. डोळ्यांतून पाणी येत होतं. ते वाऱ्याचं आहे असं धरून चालायला त्याला बरं वाटत होतं. अर्ध्या वाटेवर मास्तरांचा खांदा थोडा सैल झाला.

“दिसतंय मला, मिस्त्री,” ते म्हणाले.

“दिसू द्या,” मिस्त्री म्हणाला. “पिकअप येतेय मागून. थांबा. जाऊ द्या तिला.”

पिकअप गेली. लांबवर वर्कशॉपचं फाटक दिसायला लागलं आणि त्याच्यापाशी खुर्ची टाकून बसलेला निळा सदरा. मिस्त्रीने मान आत घेतली नाही. तो मागेच बघत राहिला आणि येईल ते सांगत राहिला.